काखेतली गाठ

१४ ऑगस्ट

ही डायरी एका बेअरिंगवाल्यानं जानेवारीत कंपनीत वाटली होती. सात महिने ड्रॉवरमध्ये पडून होती. चंदनचा ताप लिहून ठेवायला सांगितलाय म्हणून आज घरी आणली. दिवसभर पीण्यातल्या कारखान्यात शाफ्टची मापं लिहायची आणि घरी येऊन पोराची, असं माझं चाललंय. फरक एवढाच, की शाफ्ट चुकला तर बाजूला काढून ठेवता येतो.

सकाळी ९९.८. संध्याकाळी १०१.

चंदन साडेचार वर्षांचा आहे. जूनमध्ये त्याच्या मानेला गाठ आली. तिचा तुकडा काढून तपासला आणि टीबी निघाला म्हणून सांगितलं. तेव्हापासून गोळ्या चालू आहेत, लघवी लाल होते, पोरगं चिडचिड करतं, आणि ताप काही हटत नाही. तान्हा असतानाही त्याला असंच झालं होतं. डाव्या खांद्यावर बीसीजी टोचली आणि त्याच बाजूच्या काखेत लिंबाएवढी गाठ आली. ती फुटून तीन महिने वाहत होती. तेव्हा सगळे म्हणाले, होतं कुणाकुणाला.

आज सासूबाई राहायला आल्या. गोजराबाई त्यांचं नाव. ह्याच शहरातलं कॉटनपेटेतलं घर बंद करून आल्यात म्हणजे मुक्काम लांबणार. त्यांची माणसं साडेतीनशे वर्षांपूर्वी राजांच्या फौजेबरोबर इथं कन्नड मुलखात आली. मी आलो निपाणीहून, एसटीनं. हा फरक त्या मला विसरू देत नाहीत. येताना स्वतःचे देवही डब्यात घालून आणलेत, आमच्या देवघरात आता जागा नाही.

पोराला त्या जन्मापासून धोंड्या म्हणतात. मी हौसेनं चंदन नाव ठेवलं, बारशाला शंभर माणूस जेवलं, आणि ह्यांच्या तोंडी धोंड्या. आज संहिता म्हणाली, "आजी, मला का नाही धोंडी म्हणत?" संहिता माझी थोरली, नऊ वर्षांची, तिला उत्तर दिल्याशिवाय सुटका नाही. सासूबाई त्यांच्या कन्नड मिसळलेल्या मराठीत म्हणाल्या, "तुला गरज इल्ला." आणि भांडी घासायला उठल्या.

२९ ऑगस्ट

आता खोकलाही सुरू झालाय. १००.६.

सासूबाईंचं एक मला समजत नाही. संहिताला मांडीवर घेतात, वेणी घालतात, तिच्याशी भांडतात. चंदनला जवळ घेत नाहीत. तो झोपला की त्याच्याकडे पाठ करून बसतात. मात्र खोकल्याची उबळ आली की हातातलं टाकून येतात, त्याच्या बरगडीवर तळवा ठेवतात आणि डोळे मिटून ओठातल्या ओठात काही मोजतात. नर्स मोजते तसंच. कुठं शिकल्या विचारलं तर म्हणाल्या, "बाईमाणसाला येतंच."

बायकोला, संयोगिताला, मी म्हटलं, तुझ्या आईला नातवाची माया नाही. ती दोन दिवस बोलली नाही. माझंच चुकलं असेल. पण घरात माणूस आजारी असताना कुणी असं भिंतीसारखं बसलं की माझं डोकं फिरतं.

१९ सप्टेंबर

कंपनीतल्या नागराजनं आग्रह केला म्हणून आज मोठ्या डॉक्टरांकडे गेलो. डॉक्टर धनलक्ष्मी. पन्नाशीच्या, सावकाश बोलणाऱ्या. त्या कन्नड बोलल्या, मी निपाणीचा असल्यामुळे अडचण आली नाही. त्यांनी चंदनच्या काखेतला जुना व्रण बराच वेळ बघितला.

म्हणाल्या, हा टीबी असेलच असं नाही. मग एका कागदावर चित्र काढून समजावलं. मला जेवढं कळलं तेवढं लिहून ठेवतो.

हाडाच्या आतल्या मगजात एक प्रकारची पांढरी पेशी तयार होते. तिला मोनोसाइट म्हणतात. ती रक्तातून एखाद-दोन दिवस हिंडते आणि मग फुफ्फुस, यकृत, जिथं गरज असेल तिथं उतरते. तिथं ती मोठी होते, तिला पाय फुटल्यासारखे होतात आणि ती मॅक्रोफेज होते. तिचं काम गिळण्याचं. जंतू, बुरशी, धूळ, मेलेल्या पेशी, जे नको ते गिळायचं. काही मॅक्रोफेज तर बाळ आईच्या पोटात असतानाच जागा धरून बसलेल्या असतात, आणि आयुष्यभर तिथंच राहतात. मी मनात म्हटलं, म्हणजे काही सासूबाईंसारख्या आणि काही माझ्यासारख्या.

गिळलेला जंतू मारायला पेशीच्या आत ब्लीचिंगसारखं काहीतरी तयार होतं. डॉक्टरांना शंका आहे की चंदनच्या पेशी गिळतात, पण आत ते तयारच होत नाही. गिळलेलं मरत नाही. मग ती पेशी आणखी पेशींना बोलावते, सगळ्या मिळून त्याच्याभोवती कडं करतात, आणि त्याची गाठ होते. टीबीतही अशीच गाठ होते, म्हणून पहिल्यांदा फसायला झालं असेल.

मी विचारलं, "आत जिवंतच राहतं?"

"हो. वर्षानुवर्षं राहू शकतं," त्या म्हणाल्या.

मग त्यांनी संयोगिताला विचारलं, माहेरी कुणी मुलगे लहानपणी गेलेत का. भाऊ, मामा, मावशीचे मुलगे. हा आजार बहुतेक वेळा आईच्या बाजूनं मुलात येतो. संयोगिता म्हणाली, तिला भाऊ नव्हता, तिच्या आधी एक मेलेला जन्मला होता एवढंच ऐकलंय. सासूबाई शेजारीच बसल्या होत्या. डॉक्टरांनी त्यांना स्वच्छ कन्नडमध्ये पुन्हा विचारलं.

"इल्ला," त्या म्हणाल्या. "मला ही एकच."

डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं. म्हणाल्या, असं कुणी असतं तर ही बुरशीच आहे असं धरून मी आजच टीबीच्या गोळ्या थांबवून बुरशीचं औषध सुरू केलं असतं. दोन्ही एकत्र जमत नाहीत. पण टीबी खरोखर असला तर त्या थांबवणं धोक्याचं, म्हणून रक्ताची तपासणी होईपर्यंत आहे ते चालू ठेवू. ती तपासणी ताज्या रक्तावर एकाच ठिकाणी होते, आमचा नंबर १४ ऑक्टोबरला लागलाय. तोवर एकच बजावलं. माती नको, ओल नको, पालापाचोळा नको, शेणखत नको, कुठं बांधकाम चालू असेल तिथं जायचं नाही.

घरी येऊन मी पहिलं काम काय केलं, तर बाल्कनीतल्या कुंड्या खाली नेऊन वॉचमनला देऊन टाकल्या. मैदानाकडची खिडकी बंद करून फटीला टेप लावली. कामात ढिलाई मला चालत नाही.

२ ऑक्टोबर

सर्वपित्री. सासूबाईंनी आमच्या सासऱ्यांच्या, उमाजीरावांच्या नावानं पान वाढलं. वडे, खीर, आमटी, सगळं साग्रसंगीत. ते गच्चीवर ठेवून आलो. नंतर मी टाकीचं पाणी बघायला पुन्हा वर गेलो तर सासूबाई एकट्याच तिथं. टाकीच्या पलीकडे त्यांनी आणखी तीन छोटी पानं मांडली होती. त्यावर दूधभात, नीट कालवलेला. तिखट-मीठ काही नाही. "खा रे, लवकर खा," असं काहीतरी हळू म्हणत होत्या.

मी म्हटलं, "आई, कावळ्यांचे एवढे चोचले?"

त्या दचकल्या. म्हणाल्या, "बारकी पाखरं येतात जावईबापू. त्यांना तिखट बेडा, नको ते."

खाली आलो तरी तो आवाज कानातून जाईना. मी असल्या गोष्टी मानत नाही. पण ही बाई आल्यापासून घरात आमच्याशिवाय आणखी कुणीतरी आहे असं मला वाटतं. तिचं लक्ष सतत त्या दुसऱ्या कुणाकडे असतं आणि आम्ही मध्ये आलो की ती बाजूला सरकून बघते. संयोगिताला हे सांगितलं नाही. ती आधीच अर्धी झालीय.

३ ऑक्टोबर

आज घट बसले. सासूबाईंनी ह्या वर्षी घट इथंच, चंदनच्या खोलीत बसवायचा असं बोलून ठेवलं होतं. देवीला सांगितलंय म्हणे, ह्याला उठव, पुढल्या वर्षी तुळजापूरला आणते. मी सहसा अशा गोष्टीत पडत नाही, पण ह्या वेळी माझंही मन झालं. तुमकूर रोडच्या एका शेतातून चांगली काळी माती आणली, शेणखत कुजवून मिसळलेली. चाळणीनं खोलीतच चाळली, कारण चंदनला बघायचं होतं. त्यानं पाच धान्यं स्वतःच्या हातानं टाकली. किती दिवसांनी हसला. टोपलीत माती, मध्ये पाण्याचा कलश, वर माळ. खिडकी बंदच ठेवलीय, बाहेरची धूळ नको.

देव घटी बसवताना सासूबाईंनी टाक विड्याच्या पानांवर मांडले. भवानी, खंडोबा, बिरोबा, उमाजीराव. कडेला तीन अगदी लहान टाक, नखाएवढे, दरवर्षी उजळून चेहरे पुसट झालेले. हे कुणाचे विचारलं. "घरातलेच," म्हणाल्या. जुन्या घराण्यांचं हेच असतं, स्वतःचेच देव ओळखू येत नाहीत.

दसऱ्यापर्यंत दाढी नाही, चप्पल नाही. अनवाणी कामावर जाणार म्हटल्यावर नागराज हसणार. ९९.४. देवीची कृपा.

७ ऑक्टोबर

धान्य छान उगवलंय. बंद खोलीत ऊब राहते म्हणून भराभर वाढतंय. चंदन रोज सकाळी हातानं पाणी शिंपडतो आणि टोपलीवर तोंड नेऊन कोंब मोजतो. कालपासून मातीवर पिंजलेल्या कापसासारखं पांढरं पांढरं आलंय. चंदननं फुंकर मारली तर उडालं. सासूबाई म्हणाल्या, देवी आली. मी फोटो काढून निपाणीला आईला पाठवला.

खोकला जरा जास्त वाटतो. खोलीत उदबत्ती चालू असते, त्यानं असेल.

९ ऑक्टोबर

पहाटेपासून श्वास लागला. ओठ निळे. आयसीयू.

१० ऑक्टोबर

नळी घातलीय. यंत्र श्वास देतंय. दोन्ही फुफ्फुसं पांढरी दिसतात.

दुपारी डॉक्टर धनलक्ष्मी बाहेर आल्या. विचारलं, मातीत खेळला होता का? मी म्हटलं, नाही, दाराबाहेर पाऊल टाकू दिलं नाही. खताजवळ? नाही. खिडकीसुद्धा टेप लावून बंद केलीय. मी ठामपणे सांगत होतो. मला वाटत होतं, निदान एवढ्या बाबतीत माझ्याकडे बोट दाखवायला जागा नाही.

त्या माझ्या तोंडाकडे बघत होत्या, मग पायांकडे बघितलं. "दाढी का वाढवलीत? चपला कुठं आहेत?"

मी म्हटलं, "घरी घट बसलेत ना."

"घट म्हणजे? आमच्याकडे बाहुल्या मांडतात. तुमच्यात काय करतात?"

मी सांगायला लागलो. एक टोपली घ्यायची. तिच्यात माती घालायची, शेणखत घातलेली. धान्य पेरायचं. रोज पाणी शिंपडायचं, आणि

तिथंच थांबलो.  डॉक्टरांनी विचारलं फक्त, "कुठल्या खोलीत?"

वीस वर्षं मी माल तपासतो. केसाएवढा फरक माझ्या नजरेतून सुटत नाही. त्यांनी माती म्हटलं तेव्हा मी कुंड्या खाली नेल्या, आणि ही माती स्वतः गाडीवर घालून आणली, त्याच्या नाकासमोर चाळली. मला ती एकदाही माती वाटली नाही. घरात कुणालाच वाटली नाही. घटातली ती माती कशी असेल? ती देवीची असते.

त्या पांढऱ्या कापसाचा फोटो अजून फोनमध्ये आहे. मी तो डॉक्टरांना दाखवला. त्यांनी लगेच औषध बदललं.

११ ऑक्टोबर

सकाळी घरी गेलो. घट उचलायचा होता. उद्या दसरा, त्याआधी घट हलवणं म्हणजे काय ते मला माहीत आहे, आणि मी ते करणार होतो. तोंडाला फडकं बांधून दारात उभा राहिलो तर सासूबाई आडव्या आल्या.

"स्वल्प थांबा. एक दिवस राहिला."

मी म्हटलं, "आई, ती मातीच आहे. त्याच्या छातीत तीच गेलीय."

मला वाटलं त्या ओरडतील, शिव्या देतील. त्या जिथं होत्या तिथं खाली बसल्या. मग म्हणाल्या, "शंभूच्या वेळीपण घट बसले होते."

"कोण शंभू?"

त्यांनी टाकांकडे हात केला.

मी टोपली पिशवीत बांधून खाली टाकून आलो. त्यांनी तोवर साडी बदलली होती. म्हणाल्या, "मला त्या बाईकडे न्या."

 डॉक्टरांसमोर बसल्या आणि सांगायला सुरुवात केली. मध्ये कुणालाही बोलू दिलं नाही. शंभूराज, चार वर्षांचा. योगीराज, दोन वर्षांचा. गिरीराज चालायलाही लागला नव्हता. तिघांनाही टोचल्यावर काखेत गाठ आली होती. दोघांना असाच खोकला. योगीराजचं पोट फुगलं होतं, लिव्हरमध्ये पू झाला होता. त्यानंतर संयोगिता झाली, मुलगी झाली म्हणून सुटले म्हणाल्या. मग घर बदललं, गल्ली बदलली. उमाजीरावांनी शपथ घातली, नावं काढायची नाहीत. नाव काढलं की पुढच्याला बोलावतात.

संयोगिता कोपऱ्यात उभी होती. तिला तीन भाऊ होते हे तिला चौतिसाव्या वर्षी, आयसीयूच्या बाहेर कळलं. ती एवढंच म्हणाली, "आई, त्या दिवशी डॉक्टरांनी तोंडावर विचारलं होतं ग."

"सांगितलं असतं तर तो गेलाच असता असं वाटलं मला," सासूबाई म्हणाल्या. "नाही सांगितलं तर राहील म्हटलं."

डॉक्टरांनी विचारलं, लोकांना काय सांगितलं होतं? सगळ्यांना वेगवेगळं, त्या म्हणाल्या. एकाला कावीळ, एक विहिरीत पडला, एकाला ताप. एका घरात तीन पोरं एकाच रोगानं गेली म्हटलं असतं तर ह्या पोरीला कुणी करून घेतली असती?

तेव्हा मला धोंड्या कळला. आमच्या गावातही मुलं जगत नसली की पुढच्याचं नाव दगडू, धोंडू ठेवतात, म्हणजे वरच्याची नजर जात नाही. हे मला लहानपणापासून ठाऊक आहे. चार वर्षं ती बाई माझ्या पोराला ह्या नावानं हाक मारत होती आणि मी मानापमान मोजत बसलो.

अजून एक लिहितो. आम्हाला सांगितलं असतं तर मी ही सोयरीक केली असती का? नसती केली. हे संयोगिताला कधी सांगणार नाही. इथं लिहिलंय तेवढं पुरे.

१६ ऑक्टोबर

परवा तपासणी झाली, आज निकाल मिळाला. आजारी पोराचं रक्त आत जाऊन काढलं, बाकीच्यांचं बाहेर.

डॉक्टरांनी पडद्यावर आलेख दाखवला. धडधाकट माणसाच्या पेशींना डिवचलं की त्या आतून उजळतात आणि आलेखाचा डोंगर उजवीकडे सरकतो. माझा उजवीकडे होता. संहिताचाही. चंदनचा डावीकडेच, जागचा हललेला नाही. संयोगिताचे दोन डोंगर होते, एक उजवीकडे, एक डावीकडे. सासूबाईंचेही दोन.

डॉक्टर म्हणाल्या, हिच्या साधारण निम्म्या पेशी काम करतात, निम्म्या करत नाहीत. निम्म्यांवर बाईमाणूस आयुष्य काढतं, कळतही नाही.

संयोगितानं पडद्यावरच्या डाव्या डोंगरावर बोट ठेवलं. "म्हणजे हे माझ्या भावांचं आहे?"

डॉक्टर म्हणाल्या, "तुमचंच आहे. पण तसंच, हो."

"म्हणजे मी त्यांना घेऊनच फिरत होते."

मी तिला बाहेर घेऊन आलो. चहा घेतला. तिनं बशीत ओतलेला चहा गार होऊ दिला आणि म्हणाली, लहानपणी कधी एकटीला झोपायची भीती वाटायची नाही, घरात कुणीतरी आहे असं वाटायचं. मी विषय बदलला. अशा बोलण्यानं काय साधतं, असं मला वाटतं.

टीबीच्या गोळ्या बंद. बुरशीचं औषध चालू. सोबत स्टेरॉइड, कारण पेशी गिळलेल्या बुरशीभोवती इतक्या चिडून गोळा झाल्यात की फुफ्फुसच सुजलंय. राखायला आलेल्यांनीच घर मोडायला काढलंय. डॉक्टर शब्द देत नाहीत.

२१ ऑक्टोबर

काल श्वास जरा सुधारला म्हणून यंत्र कमी केलं होतं. रात्रभर टिकला नाही. यंत्र पुन्हा वाढवलं.

संयोगिता सासूबाईंशी बोलत नाही. डबा आणतात तो घेते, रिकामा परत देते. मी मध्यस्थी करायला गेलो तर म्हणाली, "तुम्ही माती आणलीत, त्यांनी घट मांडला, मी रक्त दिलं. कुणी कुणाला बोलायचं?" 

२८ ऑक्टोबर

नळी काढली. आवाज घोगरा झालाय. पहिलं वाक्य, "पाणी कोण घालतंय?" मी म्हटलं, दसरा झाला, घट उठले. तो म्हणाला, "माझे कोंब किती मोठे झाले?" मी हातानं खूण करून दाखवलं. खोटं बोललो.

सासूबाई काचेपलीकडे उभ्या होत्या. आत जायला एकालाच परवानगी. संयोगितानं मास्क काढून त्यांच्या हातात नवा दिला आणि स्वतः बाकावर जाऊन बसली. त्या आत गेल्या. तळवा बरगडीवर ठेवला, मोजलं, आणि ह्या वेळी हात तिथून काढलाच नाही. नर्सनं दोनदा सांगितल्यावर बाहेर आल्या.

डॉक्टर म्हणतात, ही एक लढाई झाली. पेशी तशाच आहेत. मगज बदलल्याशिवाय खरा उपाय नाही, म्हणजे दुसऱ्याच्या मगजातून नव्या पेशी याच्या अंगात उगवायच्या. तोवर बुरशी पुन्हा कधीही येऊ शकते.

दिवाळीचं घरात कुणी नावही काढलं नाही.

१० नोव्हेंबर

संहिताचं जुळलं. पूर्ण जुळलं. तिच्या पेशी उजव्या डोंगरातल्या. जानेवारीत करायचं ठरलंय. तिला समजावून सांगितलं, तुझ्या हाडातलं थोडं काढून चंदनला द्यायचंय. तिनं विचारलं, मग तो माझ्यासारखा प्रश्न विचारायला लागेल का? मी म्हटलं, तेवढं सोडून बाकी चालेल. चंदन वॉर्डात भिंत धरून चालतो. अंगावर मांस नाही, पण चालतो. जानेवारीपर्यंत सांभाळायचंय. त्यापुढचं कुणी सांगत नाही.

डॉक्टरांनी बजावलंय की सासूबाईंच्या बाजूच्या सगळ्या बायकांना कळवलं पाहिजे. ज्यांच्या पोटी मुलगा येईल त्याला जन्मल्या जन्मल्या बीसीजी टोचायची नाही, आधी रक्त बघायचं. सासूबाईंची धाकटी बहीण चंपाबाई होसकोटेला असते. तिच्या लेकीची लेक सोनम, तिचे दिवस भरत आलेत. मी म्हटलं, मी फोन करतो, आजार नीट समजावून सांगतो. सासूबाई म्हणाल्या, "बेडा. मीच करते."

संयोगितानं फोन लावून दिला. महिन्यात पहिल्यांदा ती आईच्या शेजारी बसली. सासूबाईंना ऐकू कमी येतं म्हणून स्पीकर चालू केला. हॉस्पिटलच्या मागच्या ओट्यावर आम्ही तिघंच होतो.

पलीकडून चंपाबाईंनी आधी चंदनची चौकशी केली. सासूबाई थेट मुद्द्यावर आल्या. म्हणाल्या, "चंपा, सोनमला मुलगा झाला तर खांद्याला टोचू देऊ नको. आधी रक्त तपासायला सांग. डॉक्टरांचा नंबर देते."

"का ग अक्का?"

"माझ्या तिघांना होतं तेच ह्याला आहे. आईकडून पोरात येतं. तुझ्यातही असेल, तुझ्या लेकीतही."

"तिघांना कुठलं ग? शंभूला कावीळ झाली होती. योगी विहिरीत..."

"विहीर नव्हती. कावीळ नव्हती." सासूबाईंनी पदर हाताभोवती गुंडाळला. "तिघांच्या काखेत गाठ होती. मग छातीत गेलं. मी तुला खोटं सांगितलं."

 मला वाटलं फोन कटला. संयोगितानं वाकून स्क्रीन बघितला, चालू होता.

मग चंपाबाई म्हणाल्या, "माझ्या मकरंदच्या काखेतपण होती."

सासूबाई म्हणाल्या, "तो झोपेत गेला म्हणालीस."

"मी तसंच म्हणाले."

"मला सांगायचं नाहीस का ग?"

"तू तरी कुठं सांगितलंस, अक्का?"

पलीकडे कुकरची शिट्टी झाली, कुणीतरी गॅस बारीक केला. फोन दोघींपैकी कुणीच ठेवला नाही.